पटाच्या पलीकडची खुर्ची

पत्र :

ताई, आम्ही भांडुपला राहतो. माझी मुलगी दहावीला आहे. सात वर्षांची असल्यापासून बुद्धिबळ खेळते, दोनदा जिल्ह्याकडून राज्य स्पर्धेला गेली. रेटिंग, म्हणजे खेळाची ताकद दाखवणारा आकडा, १९३२ होतं. दिवाळीच्या सुट्टीत एका स्पर्धेत ७४ गुण गेले आणि ते १८५८ वर आलं. तेव्हापासून नीट जेवत नाही. दिव्या देशमुख वर्ल्ड कप जिंकली त्या रात्री हिने भिंतीवर कागद चिकटवला, ‘जीएम २०२८’. म्हणजे २०२८ पर्यंत ग्रँडमास्टर, बुद्धिबळातला सगळ्यात वरचा किताब. आता म्हणते, दहावीची परीक्षा यंदा देत नाही, गुकेशने तरी कुठे शाळा केली? तिचे बाबा तिच्या बाजूने आहेत. ते एका औषध कंपनीत मशीन ऑपरेटर आहेत, वय ४७. पीएफ काढायचा, वेळ पडली तर नोकरी सोडायची आणि तिला घेऊन युरोपात स्पर्धा खेळायला जायचं, असं त्यांचं चाललंय. कोच म्हणतात, एका दौऱ्याला दोघांचे मिळून चार लाख धरा. मी घरी शिवणकाम करते, महिन्याला आठ-दहा हजार सुटतात. मी काही बोलले की दोघं म्हणतात, तुला खेळातलं कळत नाही. खरंच कळत नाही. पण घर कळतं. मी लेकीच्या आड येतेय का?
– एक आई, भांडुप

उत्तर :

ताई,

तुम्ही आड येत नाही आहात. हे आधी लिहून टाकते, म्हणजे पुढचं शांतपणे वाचाल. दहावी यंदाच द्यायची. पीएफला हात लावायचा नाही. बाबांनी नोकरी सोडायची नाही. आणि खेळ? तो बंद करायचा नाहीच, उलट पेपर संपले की आजवर कधी झाला नसेल इतक्या नेटाने करायचा. या चारही गोष्टी एकत्र बसतात, आणि कशा बसतात ते सांगायला थोडा वेळ घेणार आहे.

मी स्वतः परळच्या चाळीत वाढले, शाळेत असल्यापासून स्पर्धा खेळले, पुढे बँकेत लागले आणि बँकेच्या संघातून खेळत राहिले. आता कित्येक वर्षं दर रविवारी मुलांना शिकवते. त्यामुळे खेळातलं कळत नाही असं निदान मला तुमच्या घरातलं कुणी म्हणणार नाही. हे उत्तर तिघांनी एकत्र बसून वाचा.

सुरुवात त्या रात्रीपासूनच करू या, कारण तुमच्या लेकीच्या भिंतीवरचा कागद तिथून आला. जुलै २०२५, जॉर्जियातलं बातुमी, महिला वर्ल्ड कपची अंतिम लढत. दोन्ही क्लासिकल, म्हणजे भरपूर वेळेचे, डाव बरोबरीत सुटले, मग जलद डावांत निकाल लागला. १९ वर्षांची नागपूरची दिव्या जिंकली, आईच्या गळ्यात पडून रडली. तो व्हिडिओ मीही चार वेळा पाहिला आणि चारही वेळा डोळे भरून आले. आपली नागपूरची पोर, मराठी बोलणारी! लेकीला भरतं आलं त्यात नवल नाही.

पण त्या पटाला दोन खुर्च्या होत्या. समोरच्या खुर्चीत कोनेरू हम्पी बसली होती, ती ३८ वर्षांची. लेकीला विचारा, हम्पीबद्दल तिला काय माहीत आहे? हम्पी २००२ साली, पंधरा वर्षांची असताना ग्रँडमास्टर झाली. तेव्हा जगात इतक्या लहान वयात तो किताब कुठल्याच मुलीला मिळाला नव्हता. त्यानंतर तिने ओएनजीसीत नोकरी केली, लग्न केलं. २०१७ मध्ये तिला मुलगी झाली आणि त्या सुमारास ती बराच काळ खेळापासून लांब राहिली. परत आली, आणि २०१९ मध्ये मॉस्कोला जलद बुद्धिबळाची जगज्जेती झाली. पाच वर्षांनी, डिसेंबर २०२४ मध्ये न्यूयॉर्कला, पुन्हा तोच किताब. आणि त्यानंतर सात महिन्यांनी बातुमीची अंतिम फेरी. म्हणजे जिच्याशी दिव्याला झुंजावं लागलं ती बाई २३ वर्षं ग्रँडमास्टर होती, नोकरीत होती आणि एका मुलीची आई होती. तुमच्या लेकीने त्या रात्री एकच खुर्ची पाहिली. मला तिला दुसरी दाखवायची आहे, कारण बुद्धिबळातलं आयुष्य त्या खुर्चीत जास्त नीट दिसतं. ते लांबलचक असतं. ते २०२८ ला संपत नाही आणि २०२८ ला सुरूही होत नाही.

दुसरं, दिव्या त्या एका रात्रीत ग्रँडमास्टर झाली ही गोष्ट खरी, पण ती नियमाची सवलत आहे. महिला वर्ल्ड कप जिंकणाऱ्या खेळाडूला किताब थेट मिळतो. त्याआधी तिच्या नावावर ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता (नॉर्म म्हणजे काय ते पुढे सांगते). हे ऐकून मुलींना वाटतं, बघा, एक स्पर्धा मारली की झालं. पण ती तिथवर पोचली कशी? २०२१ मध्ये वुमन ग्रँडमास्टर (फक्त महिलांसाठीचा किताब), २०२३ मध्ये इंटरनॅशनल मास्टर (ग्रँडमास्टरच्या एक पायरी खालचा), २०२४ मध्ये ज्युनिअर मुलींची जगज्जेती, त्याच वर्षी बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये, म्हणजे देशांच्या संघांच्या जागतिक स्पर्धेत, संघाचं सुवर्ण आणि तिसऱ्या पटावरचं वैयक्तिक सुवर्णही. दरवर्षी एक पायरी. शेवटची पायरी उंच होती म्हणून ती टीव्हीवर दिसली, बाकीच्या दिसल्या नाहीत.

आता नेहमीचा रस्ता कसा असतो ते सांगते, कारण पीएफचं गणित त्यावर उभं आहे. ग्रँडमास्टर व्हायला दोन गोष्टी लागतात. रेटिंग कधीतरी २५०० ला पोचलं पाहिजे आणि तीन नॉर्म मिळाले पाहिजेत. नॉर्म म्हणजे एका स्पर्धेत, साधारण नऊ फेऱ्यांत, २६०० च्या खेळाडूसारखी कामगिरी करून दाखवणं. समोरच्यांचं सरासरी रेटिंग किमान २३८० हवं आणि त्यांच्यात निदान तीन ग्रँडमास्टर हवेत. सरासरी जेमतेम २३८० असेल तर नऊपैकी सात गुण लागतात. असं तीनदा. लेकीचं रेटिंग आज १८५८ आहे. तिला युरोपात नेलं तरी नॉर्मच्या दारापर्यंत ती पोचणार नाही, कारण ते दार साडेपाचशे-सहाशे गुण वर आहे. आज तिला नॉर्म नको आहेत. तिला आपल्यापेक्षा दोनशे-तीनशे गुणांनी वरचढ माणसांशी खूप डाव खेळायचे आहेत, आणि ती माणसं पुण्यात, नाशकात, नागपुरात, सांगली-कोल्हापुरात स्लीपरच्या तिकिटात भेटतात. पुढे जेव्हा नॉर्मची वेळ येईल तेव्हासुद्धा आधी आपल्याच देशातल्या मोठ्या खुल्या स्पर्धा आहेत. परदेशी ग्रँडमास्टर तिथे येऊन खेळतात. चार लाखांचा दौरा ही चूक नव्हे, पण ती २३०० च्या पुढची गरज आहे. तुमच्या कोचना हे ठाऊक नसेल असं मला वाटत नाही, तेव्हा त्यांना एकदा स्पष्ट विचारा : या दौऱ्यातून आज तिला नेमकं काय मिळणार? उत्तरात ‘एक्स्पोजर’ हा एकच शब्द आला तर पैसे घरात ठेवा.

आणि हा रस्ता किती लांब असू शकतो? तामिळनाडूचा श्याम निखिल. २०१२ साली त्याचे दोन नॉर्म झाले होते, २५०० रेटिंगही झालं होतं. राहिला होता फक्त एक नॉर्म. तो मिळाला २०२४ मध्ये, दुबईत. बारा वर्षं! एकतिसाव्या वर्षी तो भारताचा ८५ वा ग्रँडमास्टर झाला. त्याच्याबद्दल मला अतोनात आदर आहे, आनंद-गुकेशइतकाच. त्या बारा वर्षांत दर स्पर्धेनंतर घरी येऊन तो बॅग उघडत असेल, पुन्हा भरत असेल. पण ताई, ज्याच्या घरची भविष्यनिर्वाहाची रक्कम पहिल्या दोन वर्षांत संपली असती, त्याला ही बारा वर्षं मिळालीच नसती. माझं सगळं म्हणणं याच एका गोष्टीत आहे. या खेळात पैसा कमी पडून माणसं जितकी बाहेर जातात, तितकीच पैसा चुकीच्या वेळी संपवून जातात.

आपल्या मुंबईचंच उदाहरण घ्या. प्रवीण ठिपसे सात वेळा राष्ट्रीय विजेते होते, शेवटचं विजेतेपद १९९४ चं. ग्रँडमास्टर ते त्यानंतर झाले, १९९७ साली, चाळिशीच्या उंबरठ्यावर. आनंद आणि दिब्येंदू बरुआ यांच्यानंतर भारताचे तिसरे. त्या काळात नॉर्म मिळेल अशी स्पर्धा इथे क्वचित व्हायची. वीस-पंचवीस वर्षं देशातल्या पहिल्या फळीत खेळलेल्या माणसाला किताब इतक्या उशिरा मिळाला, म्हणून आधीची वर्षं वाया गेली असं कुणी म्हणेल का? ज्यांनी त्यांना समोर बसून खेळताना पाहिलंय त्यांनी तरी कधी म्हटलं नाही.

मी खेळायला लागले ती मात्र गिरगावच्या खाडिलकर बहिणींमुळे. १९७४ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली ती वासंती खाडिलकरने जिंकली. जयश्री १९७९ मध्ये भारताची पहिली वुमन इंटरनॅशनल मास्टर झाली. आणि रोहिणी १९७६ मध्ये, तेरा वर्षांची असताना, पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसली. गडबड झाली, वाद झाला, पण त्यानंतर मुलींना खुल्या स्पर्धेत खेळायला कुणी अडवू शकलं नाही. १९८१ मध्ये ती आशियाई विजेती झाली. पुढे तिने पट बाजूला ठेवून घरचा वर्तमानपत्राचा व्यवसाय सांभाळला. तुमची लेक आज एखाद्या ओपन स्पर्धेत मिशीवाल्या काकांसमोर बिनधास्त बसते ना, त्या खुर्चीवर आधी रोहिणी बसलेली आहे. तिघींपैकी एकीलाही ग्रँडमास्टर किताब नव्हता. माझ्या पिढीच्या मुलींना त्यांच्याएवढं काहीच मोठं वाटलं नाही.

आता माझी गोष्ट सांगते. सांगायला जड जातं, पण तुमच्या पत्रात पीएफ हा शब्द वाचल्यापासून ती डोक्यातून जात नाही.

माझे वडील गिरणीत होते. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, तेव्हा मी सोळा वर्षांची होते. त्याच उन्हाळ्यात बाहेरगावी एक स्पर्धा होती. जायचं-यायचं, राहायचं, प्रवेश फी, सगळे मिळून तीनशे रुपये. घरात तीस नव्हते. एका रात्री फळीच्या पलीकडून मी वडिलांचा आवाज ऐकला, ते शेजारच्या काकांकडे व्याजाने पैसे मागत होते. माझ्या वडिलांनी आयुष्यात कुणापुढे हात पसरला नव्हता. सकाळी मला हसून म्हणाले, ‘झाली बघ सोय.’

मी गेले. सात फेऱ्यांची स्पर्धा. शेवटच्या फेरीत माझा हत्ती सातव्या पट्टीत पोचला होता, समोरचीचा राजा कोपऱ्यात अडकला होता आणि माझं कडेचं प्यादं मोकळं सुटलं होतं. अजून वीसेक खेळ्या नीट खेळले असते तर डाव माझा होता. तिने बरोबरीसाठी विचारलं. मी घड्याळाकडे पाहिलं नाही, पटाकडेही पाहिलं नाही. मनात हिशेब केला : अर्धा गुण मिळाला की पाचवा नंबर पक्का, पाचव्या नंबराला दोनशे रुपये. हरले तर काहीच नाही. मी हात पुढे केला.

तो डाव मी आजही मांडून दाखवू शकते. हात माझा होता, पण ती बरोबरी त्या कर्जाने घेतली. त्यानंतर वर्षभर मी तसंच खेळले. सावध, घाबरत, अर्धा-अर्धा गुण गोळा करत. सोळा वर्षांची पोर जिंकायला खेळायला हवी, आणि मी फेडायला खेळत होते. वडिलांचा दोष नव्हता, त्यांनी जीव लावला होता. पण मला ती रक्कम माहीत होती, आणि जी मुलगी पटावर बसलेली असताना तिला घरची रक्कम माहीत असते, ती धोका पत्करत नाही. धोका न पत्करता आजवर कुणी ग्रँडमास्टर झालेलं नाही.

म्हणून पीएफ नको म्हणते. तुमच्या म्हातारपणासाठी तर नकोच, पण त्याहून जास्त तिच्या खेळासाठी नको.

गुकेशचं उदाहरण लेक देते, तेही नीट पाहू या. गुकेशच्या वडिलांनी व्यवसाय बाजूला ठेवला हे खरं आहे. ते कान-नाक-घशाचे सर्जन. घर आईच्या पगारावर चाललं, त्याही डॉक्टर आहेत. मित्रांनी हातभार लावला. त्या कुटुंबाने ओढ सोसली, त्यांचं मोठेपण कमी करायचं नाही. पण सर्जनने दोन-चार वर्षं दवाखाना बंद ठेवला तर तो पुन्हा उघडता येतो. ४७ व्या वर्षी मशीनवरून उतरलेल्या ऑपरेटरला ते मशीन पुन्हा कोण देतं, हे तुमच्या यजमानांना माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. आणि शाळेचं म्हणाल, तर गुकेश १२ वर्षं ७ महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला, अठराव्या वर्षी, डिसेंबर २०२४ मध्ये सिंगापूरला, जगज्जेता. त्याची शाळा निकालांनी मागे टाकली. शाळा सोडल्याने निकाल येतात असं कुठेच दिसत नाही. पाच वेळा जगज्जेता झालेल्या आनंदने लोयोला कॉलेजातून कॉमर्सची पदवी घेतली आहे. मुंबईचा सागर शाह इंटरनॅशनल मास्टर आहे आणि सीएसुद्धा. तो आज बुद्धिबळाची पत्रकारिता करतो आणि त्याचे व्हिडिओ तुमची लेक नक्की पाहत असणार.

दहावी का, याचं एक रोकडं कारण आहे. भारतातल्या बऱ्याच ग्रँडमास्टरांचं घर बक्षिसांवर चालत नाही. तेल कंपन्या, रेल्वे, विमानतळ प्राधिकरण यांच्या क्रीडा कोट्यातल्या नोकऱ्या, नाहीतर शिकवण्या, यांच्यावर चालतं. राज्य सरकारच्या नोकऱ्यांतही खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे. या सगळ्या अर्जांवर खेळाच्या रकान्याआधी शिक्षणाचा रकाना असतो. तो कोरा ठेवून चालत नाही. शिवाय खेळाडूंना दहावीला सवलतीचे क्रीडा गुण मिळतात. ती राज्य स्पर्धा खेळली आहे, तेव्हा प्रमाणपत्रं घेऊन शाळेच्या पीटीच्या सरांना आजच भेटा, मुदत निघून जाते. अकरावीला मात्र क्लासेसच्या मागे लावू नका. जवळचं कॉलेज, कॉमर्स किंवा आर्ट्स, सकाळची बॅच. पुढे खेळ खरंच इतका वाढला की कॉलेजला जाणं जमेना, तर १७ नंबरचा फॉर्म भरून बाहेरून बारावी देता येते. तेव्हाचं तेव्हा.

आता खेळाचं. भिंतीवरचा कागद काढायला सांगू नका, तिचा तिने लावलाय. फक्त त्याच्या खाली एक छोटा कागद लावायला सांगा : २०००. रेटिंग २००० झालं की वुमन कँडिडेट मास्टर हा किताब मिळतो. त्यानंतर २१००, मग वुमन इंटरनॅशनल मास्टरचे नॉर्म. मुलींसाठी या पायऱ्या आहेत आणि त्या कमीपणाच्या नाहीत. दिव्याही त्यांच्यावरूनच चढली. दहावी ते बारावी ही दोन वर्षं घ्या. बाबांच्या पगारातून महिन्याला जे सुटतं, तेवढ्याच पैशात जमतील तेवढ्या स्पर्धा. सुट्ट्यांत जास्त, एरवी कमी. कोचचा तास आठवड्याला एक पुरे, बाकीचे दिवस तिने स्वतः हरलेले डाव मांडून बसायचं. दोन वर्षांनी ती २२०० च्या आसपास असली तर मला पुन्हा लिहा, तेव्हा प्रायोजक, क्रीडा खातं, सगळ्याचा विचार करू. नसली तरीही लिहा. कारण ग्रँडमास्टर हे या जगातलं एकच काम नाही. पुण्याचे अभिजित कुंटे २००० साली ग्रँडमास्टर झाले, देशाचे चौथे. बुडापेस्टला सुवर्ण जिंकलेल्या आपल्या महिला संघाचे कर्णधार तेच होते, पटावर न बसता. प्रज्ञानंद आणि वैशाली ही ग्रँडमास्टर भावंडं ज्यांच्याकडे घडली ते आर. बी. रमेश स्वतः ग्रँडमास्टर, पण त्यांनी २००८ मध्ये खेळणं थांबवून शिकवायला घेतलं. पंच होता येतं, शिकवता येतं, आणि अर्थात खेळत राहता येतं.

ते ७४ गुण. ती त्यामुळे जेवत नाही म्हणता, तर हे तिला वाचून दाखवा. अठरा वर्षांखालच्या आणि २३०० च्या आतल्या खेळाडूच्या रेटिंगला मुद्दामच मोठे झोके दिलेले असतात. बरोबरीच्या ताकदीच्या खेळाडूकडून एक डाव हरला की तिचे वीस गुण जातात. मोठ्या माणसाचे तेवढ्यालाच दहा जातात. म्हणजे ७४ गुण ही चार डावांची गोष्ट आहे, आणि ज्या वाटेने गेले त्याच वेगाने परत येतात. त्यातून आज भारतात दहा-अकरा वर्षांची कितीतरी पोरं रेटिंगपेक्षा दोनशे गुणांनी जास्त ताकदीची आहेत. अशा एखाद्या चिमुरड्याकडून हरली असेल तर ते गुण तिने चांगल्या घरी दिले असं समजायचं. आणि हो बाळा, हे तुझ्यासाठी : त्या स्पर्धेतले हरलेले डाव काढून बस. सगळ्या डावांत मिळून तुला एकच चूक दोनदा तरी सापडेल. बहुतेक वेळेच्या कचाट्यातली असेल, नाहीतर जिंकलेला डाव घाईने संपवण्याची. ती सापडली की भूक लागेल.

तिच्या बाबांवर रागावू नका, ताई. स्पर्धेच्या हॉलबाहेर जिन्यात बसलेले बाप मी वर्षानुवर्षं पाहते आहे. मांडीवर मुलाची बॅग, हातात मोबाइल, दर दोन मिनिटांनी निकालाचं पान पुन्हा उघडायचं. आतून मूल बाहेर आलं की ते आधी बापाच्या चेहऱ्याकडे पाहतं. त्या क्षणी बाप जे विचारतो ते मूल रात्रभर उरात ठेवतं. ‘काय झालं?’ हे पहिलं वाक्य असू नये एवढंच त्यांना सांगा. आधी डबा उघडा. निकाल पोळी-भाजीनंतर, तोही तिने सांगितला तर. त्यांना तिच्यासाठी काहीतरी मोठं करायचं आहे, आणि माणसाला नोकरी सोडण्याएवढं मोठं दुसरं काही सुचत नाही. त्यांना सांगा, वर्षानुवर्षं तोच पगार दर महिन्याच्या सात तारखेला घरात येणं हे लेकीच्या खेळासाठी त्याहून मोठं आहे. आणि पैशाची चर्चा यापुढे तिच्यासमोर नाही. ती झोपल्यावरसुद्धा नाही. भांडुपच्या घरांच्या भिंतीही परळच्या फळ्यांसारख्याच असतील.

तुमच्यासाठी एक काम. तुम्हाला खेळातलं कळत नाही असं ते म्हणतात, तर लेकीलाच शिकवायला सांगा. रोज अर्धा तास, शिलाई मशीन बंद केल्यावर. घोडा अडीच घरं कसा जातो, किल्लेकोट कधी करतात, प्यादं शेवटच्या घरात पोचलं की काय होतं. तिने एक हरलेला डाव तुम्हाला मांडून दाखवावा, पहिल्या खेळीपासून. तुम्ही मध्येमध्ये विचारा, ‘इथे हे का नाही हलवलं?’ तुम्हाला वाटेल प्रश्न खुळा आहे. माझ्या वर्गात नव्याने आलेल्या मुलांचे असलेच प्रश्न मला कित्येकदा थांबवून पुन्हा विचार करायला लावतात. ज्याला आपण समजावून सांगू शकतो तेवढंच आपल्याला कळलेलं असतं, हे ती त्या अर्ध्या तासात शिकेल, आणि परीक्षेच्या दिवसांत तेवढा खेळ तिला पुरेल.

पेपर संपल्यावरच्या पहिल्या स्पर्धेला तिच्याबरोबर तुम्ही जा, बाबांना त्या दिवशी ड्यूटीवर जाऊ द्या. डबा आणि पाण्याची बाटली ती विसरणार नाही, पण या हॉलमधला एसी फार असतो, चार-चार तास एका जागी बसून मुली गारठतात. तुमच्या हातचं लांब बाह्यांचं काहीतरी तिच्या बॅगेत असू द्या.